वॉटरशेडिंग्ज : शनिवारच्या दुपारचं मैदान

२८ सप्टेंबर १८८९. शनिवारची दुपार. इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या ओल्डहॅम या गिरण्यांच्या गावात, पेनाइन डोंगरांच्या पायथ्याशी, वाऱ्याला सदा उघड्या असलेल्या एका उंच माळावर रग्बीचा सामना झाला. ओल्डहॅमविरुद्ध स्विंटन. मैदान नवंकोरं होतं, नाव वॉटरशेडिंग्ज. तिथला शेवटचा सामना झाला १९ जानेवारी १९९७ ला, आणि तोही स्विंटनविरुद्धच. मधल्या १०७ वर्षांत या माळावर गावाच्या किती पिढ्या ओरडल्या, भिजल्या, रडल्या याचा हिशेब कुठल्याच वहीत नाही. आज तिथे घरं आहेत.

एका परक्या गावातल्या, परक्या खेळाच्या, आता नसलेल्या मैदानाबद्दल मी का लिहावं? ओल्डहॅम हे नाव मी शाळेच्या भूगोलात वाचण्याआधी लोखंडावर वाचलं होतं. माझे वडील परळच्या एका गिरणीत रिंग खात्यात, म्हणजे सूत कातायच्या खात्यात होते. खंडेनवमीला यंत्रांची पूजा व्हायची आणि त्या दिवशी घरच्या माणसांना आत सोडायचे. एरवी भोंग्यापलीकडे आम्हाला गिरणी ठाऊक नव्हती. त्या दिवशी मात्र पुसूनपासून स्वच्छ केलेल्या यंत्रांच्या लांबच लांब रांगा, झेंडूच्या माळा, हळदकुंकू, तेलाचा आणि कापसाच्या पिंजीचा मिळून एक वास. वडिलांच्या यंत्राच्या टोकाला बिडाची जाड चौकट होती. तिच्यावर ओतीव, उठावदार अक्षरं होती. रंगाचे थरावर थर चढून ती गुळगुळीत झाली होती, तरी बोट फिरवलं की लागायची : प्लॅट ब्रदर्स, ओल्डहॅम. वडिलांना इंग्रजी वाचता येत नव्हतं, पण त्या अक्षरांवर बोट ठेवून ते ठसक्यात सांगायचे, ‘विलायतेचं आहे, ओल्डहॅमचं.’

हे नातं फक्त माझ्या घरचं नाही. कावसजी दावर यांनी १८५४ मध्ये मुंबईत पहिल्या सूतगिरणीची कंपनी काढली, तेव्हा यंत्रं आली ती ओल्डहॅमच्या प्लॅट ब्रदर्सकडूनच. पुढे ही कंपनी कापडउद्योगाची यंत्रं बनवणारी जगातली सर्वांत मोठी कंपनी झाली. गिरणगावाचं पोट ज्या यंत्रांवर चाललं, त्यातली कितीतरी त्या डोंगराळ गावात ओतली, घडवली आणि पेट्यांत भरली गेली होती. ती घडवणारा कामगार शनिवारी दुपारी कुठे जायचा, हे मला पुष्कळ उशिरा कळलं. तो वॉटरशेडिंग्जला जायचा.

ओल्डहॅम म्हणजे काय होतं याची कल्पना यावी म्हणून एकच आकडा सांगते. १९११ च्या सुमारास त्या एका गावात १ कोटी ६४ लाख चात्या (सूत कातणाऱ्या यंत्रांवरच्या टकळ्या) फिरत होत्या. साऱ्या जगात तेव्हा १४ कोटी ३५ लाख होत्या. म्हणजे जगातल्या दर नऊ चात्यांमागे जवळपास एक ओल्डहॅमची. दीड लाखाच्या आतबाहेर वस्तीच्या गावाची ही मजल. या चात्यांना लागणारा कापूस मुख्यतः अमेरिकेचा. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी पेटली, कापसाची जहाजं थांबली आणि लँकेशायरमध्ये चुली विझल्या. तेव्हा मुंबई बंदरातून हिंदुस्थानचा कापूस तिकडे गेला. आखूड धाग्याचा, कचऱ्याचा, सारखा तुटणारा. तिथले कामगार त्याला सरसकट ‘सुरत’ म्हणत आणि त्याच्या नावाने बोटं मोडत. इकडे मुंबई मात्र त्या चार वर्षांत सोन्याने न्हाली आणि १८६५ मध्ये धाडकन आपटली. कापसाच्या एकाच दोरीची ही दोन टोकं. एकीकडे ओढ बसली की दुसरीकडे हिसका लागायचा.

मैदानाकडे येते. गावाला मैदान लाभतं ते जमिनीमुळे, असं आपण धरून चालतो. माझं म्हणणं असं की कामगाराच्या गावाला मैदान लाभतं ते आधी वेळेमुळे. जमीन नंतर येते. १८५० च्या फॅक्टरी कायद्याने इंग्लंडच्या कापडगिरण्यांत बायका आणि पोरांचं शनिवारचं काम दुपारी दोनला थांबायला लागलं. त्यांच्याशिवाय गिरणी चालेना, म्हणून पुरुषही सुटू लागले. आठवड्यातली एक अर्धी दुपार मोकळी झाली. माणसं आंघोळ करून, जेवून, टोपी घालून बाहेर पडायला लागली, आणि त्या रिकाम्या दुपारीत खेळ शिरला. इंग्लंडच्या उत्तरेत फुटबॉल आणि रग्बी हे शनिवारी दुपारी तीनचे खेळ झाले ते त्यामुळे. ओल्डहॅमचा रग्बी क्लब १८७६ चा. तेरा वर्षांनी त्याला वॉटरशेडिंग्जची जागा मिळाली.

आणि त्याच सुमारास आपल्याकडे? नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ च्या सप्टेंबरात परळला कामगारांची सभा घेतली. साडेपाच हजार सह्यांचं निवेदन तयार झालं. पहिलीच मागणी होती रविवारच्या सुटीची. दुपारी अर्धा तास विश्रांती, वेळेवर पगार, अपघात झाला तर भरपाई, या बाकीच्या. सहा वर्षं त्यांनी हा लढा लावून धरला. १० जून १८९० रोजी मुंबईच्या गिरणीमालकांनी रविवारची सुटी मान्य केली. वॉटरशेडिंग्जवर पहिला सामना झाला त्यानंतर नऊ महिनेही झाले नव्हते. ज्या यंत्रांवर ओल्डहॅमने आपली शनिवार दुपार मिळवली, तसल्याच यंत्रांवर उभ्या असलेल्या माणसाला मुंबईत आठवड्याचा एक दिवस मिळायला चाळीस वर्षं जास्त लागली. लोखंड्यांचं नाव घेताना आपण सुटीची आठवण काढतो. गिरणगावातल्या व्यायामशाळा, भजनी मंडळं, कबड्डीचे संघ आणि नाटकांच्या तालमीसुद्धा त्यांच्याच खात्यावर लिहायला हव्यात. सुटीच नसेल तर खेळायचं कधी?

वॉटरशेडिंग्जचा इतिहास ज्या भांडणाने घडला, तेही वेळेचंच. रग्बीची सूत्रं तेव्हा लंडनच्या हातात होती. शिकलेल्या, पैसेवाल्या घरांतल्या मंडळींचा आग्रह असा की खेळाडूने एक पैसाही घ्यायचा नाही. ज्याच्या बापाची इस्टेट आहे त्याला हे छान जमायचं. पण खाणीत किंवा गिरणीत काम करणारा खेळाडू लांबच्या गावी सामन्याला गेला, की त्याचा खाडा पडायचा आणि मजुरी कापली जायची. उत्तरेच्या क्लबांनी साधी मागणी केली : बुडालेली मजुरी भरून द्यायची मुभा द्या. १८९३ मध्ये लंडनच्या बैठकीत ती २८२ विरुद्ध १३६ मतांनी फेटाळली गेली. दोन वर्षांनी, २९ ऑगस्ट १८९५ ला, हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलमध्ये उत्तरेचे क्लब जमले आणि त्यांनी वेगळी चूल मांडली. स्टॉकपोर्टचा होकार तर टेलिफोनवरून आला. या नॉर्दर्न युनियनच्या २२ संस्थापक क्लबांत ओल्डहॅम होता. बुडालेल्या मजुरीपोटी दिवसाला जास्तीत जास्त सहा शिलिंग द्यायचे ठरले.

सहा शिलिंग. एवढ्यासाठी एका खेळाचे दोन तुकडे झाले आणि ते आजही दोनच आहेत. मला यात उत्तरेच्या क्लबांची बाजू शंभर टक्के पटते. जो माणूस खेळण्यासाठी पोटाला चिमटा घेतो, त्याला ‘तू पैशासाठी खेळतोस’ असं ऐकवण्याइतकी क्रूर गोष्ट नाही. आमच्या चाळीतले कबड्डीपटू मला आठवतात. बदली कामगार होते. स्पर्धेला गेले की त्या दिवसाची हजेरी गेली, आणि गुडघा दुखावला की मग महिनाभर गेटवर उभं राहण्यातही अर्थ नसायचा. त्यांच्यासाठी कुणी जॉर्ज हॉटेलमध्ये बसलं नाही. पुढे ज्यांना रेल्वेत, बँकेत किंवा एखाद्या कंपनीत खेळाच्या जोरावर चिकटता आलं, त्यांचा संसार मार्गी लागला.

वेगळं झाल्यावर उत्तरेच्या लोकांनी खेळही बदलला. गिरणीतून थेट येऊन आत जाताना पैसे मोजणाऱ्याला कंटाळा यायला नको, हा त्यामागचा रोखठोक विचार. बाजूरेषेवर रांगा लावून चेंडू आत फेकण्याचा प्रकार त्यांनी १८९७ मध्ये बंद केला. १९०६ मध्ये पंधराऐवजी तेरा खेळाडू केले. आणि पकडला गेलेला खेळाडू उठून उभा राहणार, चेंडू जमिनीवर ठेवून पायाने मागच्या साथीदाराकडे सरकवणार आणि खेळ पुन्हा सुरू, हा नियम आणला. त्यामुळे ढिगाऱ्याखाली चेंडू अडकून राहणं कमी झालं. मी हा खेळ पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला तो चटकन कळला, कारण त्यातली झेप आणि पकड कबड्डीच्या जातीची आहे : समोरच्याच्या मांड्यांना मिठी, खांदा खाली, आणि दुसऱ्या बाजूने साथीदार येईपर्यंत सोडायचं नाही. १९२२ पासून या खेळाला रग्बी लीग हे नाव आहे.

वॉटरशेडिंग्ज समुद्रसपाटीपासून सातशे फुटांहून उंचावर होतं. इंग्लंडात ही उंची म्हणजे पुष्कळच. धुकं उतरायचं, बर्फ साचायचं, वारा तर वर्षभर मुक्कामालाच. पाहुण्या संघांना ते मैदान नको व्हायचं आणि ओल्डहॅमकरांना त्याचाच अभिमान होता. एका बाजूला लाकडी हचिन्स स्टँड. ‘पेनी रश’ नावाच्या भागात उभ्याने सामना बघणारे लोक. शेजारी कुत्र्यांच्या शर्यतीचा ट्रॅक आणि क्रिकेटचं मैदान. २४ फेब्रुवारी १९१२ ला हडर्सफील्डविरुद्धच्या सामन्याला २८,००० माणसं आली, हा तिथला उच्चांक. दीड लाखाच्या गावातली २८,००० माणसं एका माळावर! पाहुण्या गावाची थोडी धरली तरी घरटी एक माणूस तिथे होता म्हणायला हरकत नाही.

ते दिवस ओल्डहॅमचे होते. १८९९ मध्ये त्यांनी हन्स्लेटला हरवून चॅलेंज कप, म्हणजे या खेळाची बाद पद्धतीची मोठी स्पर्धा, जिंकली. १९०५, १९१० आणि १९११ मध्ये लीगचं विजेतेपद. जो फर्ग्युसन नावाचा कंबरलँडकडचा एक फॉरवर्ड १८९९ मध्ये क्लबात आला आणि १९२३ पर्यंत खेळत राहिला. ६२७ सामने. हा विक्रम क्लबात आजही त्याच्याच नावावर आहे. फॉरवर्ड म्हणजे ओझी वाहणारा, धडका घेणारा खेळाडू. चाळिशी ओलांडलेला माणूस त्या गारठ्यात, त्या चिखलात, विशीतल्या पोरांच्या धडका अंगावर घेतोय, हे चित्र डोळ्यांपुढे आणलं की मला साठीला टेकलेले पण अजून रात्रपाळी करणारे आमच्या चाळीतले काका दिसतात.

१९२४ ते १९२७ सलग चार वर्षं ओल्डहॅम चॅलेंज कपच्या अंतिम सामन्यात होता. १९२५ आणि १९२७ ला जिंकला. तेव्हा अंतिम सामना रॉचडेल, लीड्स, विगन असा उत्तरेतच व्हायचा. १९२९ पासून तो लंडनला वेम्ब्लीवर गेला आणि त्यानंतर ओल्डहॅम कधीच अंतिम फेरीत पोचला नाही. उपांत्य फेरीपर्यंत धडक मारायचा आणि तिथे अडायचा. उत्तरेच्या गावांत वेम्ब्लीची सहल म्हणजे गावाची जत्रा. गिरण्या, खाणी, कचेऱ्या, सगळे वर्गणी साठवून विशेष आगगाड्यांनी लंडनला जायचे. ओल्डहॅमच्या वाट्याला ती सहल आलीच नाही, याचं मला बाहेरची असूनही वाईट वाटतं.

१९५७ चं लीगचं विजेतेपद हा शेवटचा मोठा सण. अंतिम सामना ब्रॅडफर्डच्या ऑडसलवर. हल विरुद्ध ओल्डहॅम. ओल्डहॅम एका गुणाने, १५–१४ असा जिंकला. आणि मग १९८७. तोवर गाव खंगलं होतं, क्लबही. चॅलेंज कपच्या सुरुवातीच्याच फेरीत विगन वॉटरशेडिंग्जवर आला. विगन म्हणजे पैसा, नावाजलेले खेळाडू, दबदबा. शेवटच्या मिनिटांत ओल्डहॅमच्या पॅडी किरवनने ट्राय केला, म्हणजे चेंडू गोलरेषेपलीकडे टेकवून गुण मिळवले, आणि ओल्डहॅमने १०–८ असा सामना काढला. पुढच्या वर्षीपासून विगनने हा कप सलग आठ वर्षं, १९८८ ते १९९५, जिंकला. त्या आठ वर्षांच्या आधी विगनला शेवटचं कपबाहेर काढलं ते या माळावरच्या ओल्डहॅमने. त्या दिवशी पेनी रशमध्ये उभं राहायला मिळालं असतं तर, असं मला खरोखर वाटतं.

गिरण्या मात्र विझत चालल्या होत्या. पहिल्या महायुद्धानंतर लँकेशायरचं कापड मागे पडायला लागलं, आणि त्याला मागे टाकणाऱ्यांत मुंबई-अहमदाबादच्या गिरण्याही होत्या, ओल्डहॅमच्याच यंत्रांच्या जोरावर. दुसऱ्या महायुद्धानंतर उरल्यासुरल्या गिरण्यांच्या रात्रपाळ्या चालवायला पाकिस्तान आणि आजच्या बांगलादेशातून माणसं आली. ती गावात स्थिरावली आणि मग त्या पाळ्याही बंद झाल्या. एल्क मिल ही शेवटच्या गिरण्यांपैकी एक, १९९८ मध्ये थांबली. म्हणजे मैदान गेलं त्याच्या पुढच्याच वर्षी.

मैदानाच्या मरणाला तात्कालिक कारणंही होती. ११ मे १९८५ ला ब्रॅडफर्डच्या फुटबॉल मैदानावरचा लाकडी स्टँड पेटून ५६ माणसं गेली. त्यानंतर जुन्या लाकडी स्टँडांकडे सरकारचं कडक लक्ष गेलं, आणि ते जायलाच हवं होतं. पण जुन्या मैदानांची डागडुजी करण्याएवढे पैसे या क्लबांकडे नव्हते. मग १९९५ मध्ये रुपर्ट मरडॉक यांच्या कंपनीचे टीव्हीचे पैसे आले : पाच वर्षांसाठी ८ कोटी ७० लाख पौंड. त्या बदल्यात सुपर लीग ही नवी सर्वांत वरची श्रेणी, आणि खेळाचा हंगाम हिवाळ्यातून उन्हाळ्यात. सुरुवातीच्या आराखड्यात तर शेजारशेजारचे क्लब एकत्र करायचं घाटत होतं. ओल्डहॅम आणि सॅलफर्ड मिळून मँचेस्टर नावाचा एक संघ! गावागावांत लोक रस्त्यावर आले, मैदानांत घुसून त्यांनी निषेध केला आणि ती योजना बारगळली. मला या लोकांबद्दल फार आदर आहे. बाहेरच्याला वाटेल, दहा-बारा मैलांवरची दोन गावं, एक संघ झाला तर बिघडलं काय? लालबागच्या आणि नायगावच्या कबड्डी मंडळाला एकत्र करून ‘मध्य मुंबई’ असं नाव देऊन बघा, म्हणजे कळेल.

ओल्डहॅम १९९६ च्या पहिल्या सुपर लीगमध्ये खेळला. वॉटरशेडिंग्जवरचा तो शेवटचा हंगाम ठरला. जागा विकली गेली, जानेवारी १९९७ मध्ये स्विंटनविरुद्ध निरोपाचा सामना झाला आणि क्लब फुटबॉलवाल्यांच्या बाउंडरी पार्कवर भाडेकरू म्हणून गेला. त्याच वर्षी तो सुपर लीगमध्ये तळाला राहिला, खालच्या श्रेणीत ढकलला गेला, आणि वर्ष संपण्याआधी जुनी कंपनी कर्जात बुडून बंद पडली. शंभर वर्षं टिकलेला क्लब स्वतःची जागा सोडल्यावर वर्षभरही तगला नाही. कर्ज आधीपासून होतं, हे खरं. पण माझ्या मते जागा गेली तेव्हाच क्लबचा कणा गेला. हरणाऱ्या संघासाठीही पावसात येणारा माणूस बऱ्याचदा संघाइतकाच जागेसाठी येतो. बाप जिथे उभा राहायचा तिथेच त्याला उभं राहायचं असतं.

एकटी ओल्डहॅमची ही गत नव्हती. स्विंटनचं स्टेशन रोड १९९२ मध्ये गेलं, तिथे घरं झाली. हॅलिफॅक्सचं थ्रम हॉल १९९८ मध्ये, विगनचं सेंट्रल पार्क १९९९ मध्ये. या दोन्ही जागी आता सुपरमार्केट आहेत. सेंट हेलेन्सचं नोस्ले रोड २०१० मध्ये. दोन दशकांच्या आत एका खेळाचा सगळा भूगोल पुसला गेला.

मँचेस्टरला भाचीकडे गेले होते तेव्हा मुद्दाम ओल्डहॅमला जाऊन आले. ट्रामने मम्प्स नावाच्या थांब्यापर्यंत आणि तिथून रिपनडन रोडने वर. चढ चांगलाच लागतो. वर पोचल्यावर इंग्लंडात कुठेही दिसावीत तशी विटांची घरं, गाड्या, कुंपणं. घरांबद्दल माझी तक्रार नाही, माणसांना घरं हवीतच. पण शेजारचं क्रिकेटचं मैदान बघून बरं वाटलं. लँकेशायरच्या लीग क्रिकेटशी आपलंही नातं आहे. सांगलीचे विजय हजारे एके काळी जवळच्याच रॉटेनस्टॉलकडून खेळले होते. अशाच गिरणीकामगारांसमोर, अशाच शनिवारी दुपारी.

परळला परत आल्यावर हे सगळं अधिकच टोचलं. १८ जानेवारी १९८२ च्या संपानंतर आमच्या गिरण्या एकेक करून निमाल्या. १९९१ च्या नियमाने गिरण्यांच्या जमिनीचे तीन वाटे ठरवले होते : एक मालकाला, एक म्हाडाच्या घरांना, एक महापालिकेला मोकळ्या जागांसाठी. २००१ मध्ये त्या नियमात बदल झाला. वाटे करायचे ते बांधकाम नसलेल्या मोकळ्या जमिनीचेच, असं ठरलं. आणि गिरणीत मोकळी जमीन असणार किती? बहुतेक सगळी शेड आणि गोदामं. मैदानांच्या वाट्याला तुकडे आले. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो बदल कायम ठेवला. लोखंड्यांनी सुटीचा दिवस मिळवून दिला, पण तो घालवायला जी जागा मिळू शकत होती ती आमच्या डोळ्यांदेखत गेली. आता त्या भागातली मुलं दोन टॉवरांमधल्या पोडियमवर खेळतात, तीसुद्धा सोसायटीच्या वॉचमनने खेळू दिलं तर.

ओल्डहॅमच्या लोकांनी मात्र क्लब मरू दिला नाही. जुनी कंपनी बुडाल्यावर काही महिन्यांतच नवी उभी राहिली आणि १९९८ चा हंगाम ते खालच्या श्रेणीत खेळले. मग कधी बाउंडरी पार्क, कधी स्टॅलीब्रिजचं बोअर फोल्ड, कधी गावातलंच छोटंसं व्हाइटबँक अशी फिरती सुरू राहिली. प्रेक्षक शेकड्यांत मोजावे लागतील असे दिवस आले, तरी सामने झाले. २०२४ मध्ये क्लब बाउंडरी पार्कवर परतला आणि त्याच हंगामात त्याने लीग वन ही तिसरी श्रेणी जिंकून तिच्या वरच्या श्रेणीत जागा मिळवली. वॉटरशेडिंग्ज मात्र त्यांना परत मिळालं नाही.